फितूर, फुटीर आणि आपल्याकडची 'पितूरी'

आपल्या बेळगाव जिल्ह्यातल्या अथणीहून एकानं विचारलंय, पक्ष बदललेल्या आमदाराला 'फितूर' म्हणायचं की 'फुटीर', आणि पडलेला उमेदवार 'माझ्याविरुद्ध फितुरी झाली' म्हणतो ते बरोबर का.

शेवटचं आधी घेतो, कारण ते ऐकून ऐकून कान किटलेत. परवा शहापुरात चहाला बसलो होतो, शेजारच्या बाकावरचा एकजण तावातावानं सांगत होता, 'त्याला पाडायला सगळ्यांनी मिळून फितुरी केली', आणि म्हणायचं काय होतं तर कट केला! अहो हा कन्नडचा अर्थ. कन्नडमध्ये 'पितूरी' म्हणजे कट, कारस्थान, पेपरात नेहमी दिसणारा शब्द आहे तो, आणि आपण दोन्ही भाषा वाचणारे, त्यामुळं तिकडचा अर्थ इकडच्या शब्दाला कधी चिकटला तेच कळत नाही. मराठीत फितूर म्हणजे आपल्या गोटात राहून शत्रूला मिळालेला, रात्री किल्ल्याचा दिंडी दरवाजा आतून उघडणारा. कोर्टात साक्षीदार फितूर होतो तो पण याच अर्थानं. बाहेर बसून डाव रचणाऱ्याला कारस्थानी म्हणा की, शब्द आहे आपल्याकडं.

फुटीर सोपा आहे, फुटण्यावरून आला, फुटलेल्या गटाला वापरा आणि विषय सोडा.

खरी गंमत फितूरमध्ये आहे. मूळ अरबी शब्द 'फुतूर', अर्थ ढिलाई, मरगळ, जोर ओसरणं. आणि त्याच धातूपासूनचा 'फातिर' म्हणजे काय माहितीय? कोमट! उकळतं पाणी चुलीवरनं उतरवून ठेवलं की निवत निवत जसं होतं तसं. हे पहिल्यांदा वाचलं त्या दिवशी मला दुसरं काही सुचलं नाही. शिबंदीतला माणूस आधी कोमट होतो, पहाऱ्याला उशिरा येतो, हुकूम अर्धाच पाळतो, आणि मग एक दिवस दिंडी उघडतो. ढिलाईपासून दगाबाजीपर्यंतचा प्रवास असाच झाला असणार आणि तो किल्ल्यांवर, छावण्यांतच झाला असणार, हे माझं ठाम मत आहे. कन्नडला पण हा शब्द मराठी फौजांकडनंच गेला असं मी मानतो. पुढं तेलुगूत गेला तर तिथं 'पितूरी' म्हणजे थेट बंड, गोदावरीकडच्या रंपा डोंगरातलं 1879 चं आदिवासींचं बंड 'रंपा पितूरी' म्हणूनच ओळखतात. म्हणजे अरबीतला कोमट शब्द आपल्याकडं दगा झाला, कन्नडमध्ये कट झाला आणि तेलुगूत पेटलाच!

एक भाषाप्रेमी स्नेही फितूर हा 'फूट'चा अपभ्रंश असल्याचं ठासून सांगत फिरतात. फूटमध्ये ट आहे, फितूरमध्ये त, तो ट मध्येच कुठं गेला हे त्यांनी एकदा सांगावं. कुणी इफ्तारशी जोडतात, तेही चूक, अरबीत तो 'त' वेगळा आणि धातूही वेगळा. आणि कोशवाले नुसतं 'अरबी' लिहून पुढं सरकतात त्याचा मला जास्त राग येतो, एवढा सुंदर अर्थ शेजारी पडलेला असताना.

हां, आमदार. अथणीचंच बघा. 2018 च्या कर्नाटक विधानसभेला महेश कुमठळ्ळी काँग्रेसकडनं आणि लक्ष्मण सवदी भाजपकडनं, कुमठळ्ळी निवडून आले. 2023 ला तीच दोन माणसं, पण सवदी काँग्रेसकडनं आणि कुमठळ्ळी भाजपकडनं, सवदी निवडून आले. मधल्या 2019 मध्ये विधानसभाध्यक्षांनी 17 आमदार अपात्र ठरवले, त्यात गोकाक, अथणी, कागवाड असे आपल्या जिल्ह्यातले तिघं, आणि डिसेंबरच्या पोटनिवडणुकीत तिघंही भाजपकडनं परत आले. कन्नड पेपरात तेव्हा 'अनर्ह' असायचं, ते वाचून आपली पोरंही अनर्ह आमदार म्हणायला लागली. शब्द संस्कृतच आहे, चालेल, पण रोजच्या बोलण्यात अपात्र बरा.

यातलं कुणी फितूर का? राजीनामा देऊन, लोकांसमोर दुसऱ्या चिन्हावर उभा राहिला त्याला मराठीत फितूर म्हणता येत नाही, मग तो तुम्हाला आवडो न आवडो. त्यानं पक्षांतर केलं. एकट्याला फुटीरही नको, फुटायला गट लागतो. फितूर कोण, तर जो याच पक्षाच्या बैठकीला बसतो, याच चिन्हावर निवडून आलेला असतो, आणि गुप्त मतदानात मत तिकडं टाकून येतो.