गिरणगावावर पहिला लघुपट करताना

तुम्ही लालबाग-परळवर लघुपट करणार असाल, तर पहिले काही आठवडे कॅमेरा घरीच ठेवून केवळ ध्वनिमुद्रक घेऊन फिरावे, असे मी सुचवेन. १९८२ च्या संपानंतर ज्या गिरण्या एकेक करून बंद पडत गेल्या, त्यांपैकी अनेकींच्या जागी आज टॉवर आणि मॉल उभे आहेत. त्यामुळे गिरणीची एखादी उरलेली चिमणी दिसताच ती टिपण्याचा मोह होतो, परंतु अशी चित्रे एव्हाना इतकी झाली आहेत की त्यांतून नवे काही कळत नाही.

त्याऐवजी एखाद्या जुन्या कामगाराला त्याच्या पाळीच्या वाटेने पुन्हा चालण्याची विनंती करा. घरात खुर्चीवर बसवून प्रश्न विचारले की तो बहुधा संपाची अनेकदा सांगितलेली हकिगत सांगतो. मात्र पूर्वी जिथे खानावळ होती किंवा जिथे भोंगा ऐकून पावले झपझप पडत, तिथे पोहोचल्यावर तो आपोआप थांबतो, आणि ते थांबणे हेच तुमचे दृश्य असते. तिथे कॅमेरा तिपाईवर लावून चौकट मिनिटभर तरी हलवू नका, आणि माणसे बोलत नसताना त्या जागेचा सभोवतालचा आवाज वेगळा मुद्रित करा, कारण संकलनात दृश्ये जोडताना तोच कामी येतो. ड्रोनचा विचार मात्र सोडा; परवानगीचा खटाटोप वेगळाच, शिवाय उंचावरून सगळी शहरे सारखीच दिसतात.

निवेदन सर्वांत शेवटी लिहा, आणि कच्चे संकलन त्या कामगाराला दाखवूनच पुढे जा.