चित्रपट अभिलेखागारातील तालिकीकरण: केवळ नावे भरण्याचे काम आहे का?

प्रश्न: मी इतिहासाची पदवी घेत आहे आणि मला चित्रपटांची मनापासून आवड आहे. चित्रपट अभिलेखागारात तालिकीकरणाचे, म्हणजे संग्रहातील चित्रपटांची पद्धतशीर सूची तयार करण्याचे काम करावेसे वाटते. मात्र त्यात संगणकावर नावे भरण्यापलीकडे काही नसते, असे घरचे म्हणतात. मी कोणते शिक्षण घ्यावे?

उत्तर: नावे भरणे हा या कामाचा शेवटचा आणि सर्वांत सोपा टप्पा आहे. समोरचे रीळ नेमके कशाचे आहे हे त्याआधी ठरवावे लागते आणि खरा कस तिथेच लागतो. डब्यावरच्या चिठ्ठीवर भिस्त ठेवता येत नाही, कारण हाताळणीत रिळांची अदलाबदल झालेली असू शकते. जुन्या कोडॅक फिल्मच्या कडेला वर्तुळ, चौकोन, त्रिकोण अशा खुणा असतात आणि त्यांवरून फिल्म कोणत्या वर्षी तयार झाली ते कळते; परंतु त्याच खुणा 20 वर्षांनी पुन्हा वापरल्या गेल्यामुळे वर्ष 1936 की 1956, असा पेच पडतो. पट्टी नायट्रेटची, म्हणजे जुन्या काळी फिल्मसाठी वापरल्या जाणाऱ्या सेल्युलोज नायट्रेटची निघाली तर 1956 बाद होते, कारण कोडॅकने नायट्रेट फिल्मचे उत्पादन 1950 च्या दशकाच्या आरंभीच थांबवले होते. शिवाय हे वर्ष कच्च्या फिल्मचे असते, चित्रपटाचे नव्हे. नायट्रेट अत्यंत ज्वालाग्राही असल्याने ही ओळख पटली की रीळ कुठे ठेवायचे, हेही ठरते.

आंतरराष्ट्रीय चित्रपट अभिलेखागार महासंघाच्या 2016 च्या नियमपुस्तिकेत मूळ कृती, तिचे बदललेले रूप, तिचे प्रकट स्वरूप (ती ज्या माध्यमात लोकांसमोर आली ते) आणि हाती असलेली प्रत अशा चार पातळ्या मानल्या आहेत. अभ्यासकाला चित्रपट हवा असतो, तर जतन करणाऱ्याला त्याची सर्वांत चांगली निगेटिव्ह. तालिकेने दोघांनाही उत्तर द्यायला हवे.

पुरावा तोलण्याची इतिहासातली सवय तुम्हाला इथे फार उपयोगी पडेल. पदवीनंतर ग्रंथालय व माहितीशास्त्र किंवा अभिलेखशास्त्र घ्या, मेटाडेटा (वस्तूविषयीची नोंदवलेली माहिती) आणि डेटाबेस नीट शिका, आणखी एखादी लिपी आत्मसात करा. नोकऱ्या थोड्या असतात आणि त्यांतल्या बऱ्याच प्रकल्पापुरत्या कंत्राटी असतात, हे घरच्यांना आधीच स्पष्ट सांगा. मात्र हेच कौशल्य दूरचित्रवाणीचे संग्रह आणि वस्तुसंग्रहालये यांनाही लागते.

तोवर दोन वेगळ्या लांबीच्या प्रती उपलब्ध असलेला एखादा जुना चित्रपट निवडा. श्रेयनामावली, कालावधी आणि गाळलेली दृश्ये ताडून प्रत्येक प्रतीची स्वतंत्र नोंद लिहा, कोणती माहिती पडद्यावरून घेतली ते नमूद करा आणि अनुमानाने ठरवलेली माहिती चौकटी कंसात ठेवा. अशा चार-पाच नोंदी प्रवेशाच्या अर्जासोबत जोडता येतील.