सिंहांचे अभ्यासक पडद्यामागे काय करतात?

बारावीतल्या तुमच्या लेकीला माहितीपटांत दिसणाऱ्या सिंह-अभ्यासकांसारखं काम करायचंय आणि तुम्ही विचारताय, त्या कामाने खरंच सिंह वाचतात का. वाचतात. आफ्रिकेत टांझानियातल्या सेरेंगेटी राष्ट्रीय उद्यानाचं उदाहरण घ्या.

तिथे 1966 साली प्राणिशास्त्रज्ञ जॉर्ज शॅलर यांनी सिंहांचा अभ्यास सुरू केला. 1978 पासून क्रेग पॅकर आणि अ‍ॅन प्यूसी यांनी तो पुढे नेला. सिंहाच्या मिशांच्या मुळाशी असलेल्या ठिपक्यांची मांडणी प्रत्येकाची वेगळी असते. त्यावरून एकेक सिंह ओळखायचा आणि त्याची आई कोण, कळप कोणता, पिल्लं किती जगली हे वर्षानुवर्षं नोंदवायचं. मी जुन्नरकडे बिबट्यांच्या फोटोंतले ठिपके जुळवत काही वर्षं काढलीत, त्यामुळे या कामाला किती चिकाटी लागते ते मला पक्कं माहीत आहे. माहितीपटात कळपाची कहाणी सांगता येते ती अशा नोंदींमुळेच.

1994 मध्ये तिथले सिंह झटके येऊन मरू लागले. कॅनाइन डिस्टेंपर, म्हणजे मुळात कुत्र्यांचा विषाणूजन्य रोग. जवळपास एक तृतीयांश, सुमारे हजार सिंह गेले. मग आसपासच्या गावांतल्या कुत्र्यांचं लसीकरण सुरू झालं. पण जपून ठेवलेले रक्ताचे जुने नमुने तपासल्यावर कळलं, की हा विषाणू आधीही येऊन गेला होता आणि तेव्हा सिंह मेले नव्हते! फरक 1993 च्या दुष्काळाने पडला होता. अशक्त रानम्हशींवर गोचिडी माजल्या, त्या म्हशी सिंहांनी खाल्ल्या आणि गोचिडींमधून पसरणारा रक्तातला परजीवी सिंहांमध्ये बेसुमार वाढला. त्यात डिस्टेंपरची भर पडली. हे 2008 मध्ये प्रसिद्ध झालं, साथीनंतर 14 वर्षांनी.

2018 मध्ये गीरमध्ये हाच विषाणू सापडला, तेव्हा सेरेंगेटीची आठवण निघाली. सगळे सिंह एकाच भागात असण्याचा धोका हाच. काही सिंह मध्य प्रदेशातल्या कुनोला हलवा, असं सर्वोच्च न्यायालयाने 2013 मध्येच सांगितलं होतं. ते अजून झालेलं नाही, याचं मला फार वाईट वाटतं.

टांझानियातलीच आणखी एक गोष्ट तिला सांगा. 1990 ते 2004 या काळात त्या देशात सिंहांनी 563 हून जास्त माणसं मारली. पॅकर यांच्या गटाला दिसलं, की रानडुकरं पिकात शिरतात, शेतकरी राखणीला शेतातच झोपतात आणि डुकरांमागे सिंह येतात. आपल्याकडे ज्याने शेतात जागल केली आहे, त्याला हे लगेच उमगेल. तिथे आधी डुकरांचा बंदोबस्त करायला हवा. त्याने माणूसही वाचतो आणि सूड म्हणून मारला जाणारा सिंहही.

शिक्षणाचं म्हणाल तर जीवशास्त्र घ्यावं, पण संख्याशास्त्र टाळू नये. पदवीनंतर डेहराडूनच्या भारतीय वन्यजीव संस्थेत आणि बंगळुरूच्या एनसीबीएस या जीवशास्त्र संशोधन संस्थेत वन्यजीवांवरचं पदव्युत्तर शिक्षण मिळतं. तोवर तिला झूनिव्हर्स या संकेतस्थळावर कॅमेरा ट्रॅपच्या, म्हणजे हालचाल झाली की आपोआप फोटो काढणाऱ्या कॅमेऱ्यांच्या, फोटोंतले प्राणी ओळखायला बसवा. सेरेंगेटीचे लाखो फोटो स्वयंसेवकांनी तिथेच ओळखले. बहुतेक फोटोंत नुसतं हलणारं गवत असतं. असे पाचशे फोटो पाहूनही तिला पुढचा उघडावासा वाटला, तर मला जरूर कळवा.