आगोटीसाठी टोमॅटोची चटणी बाटलीत कशी टिकवावी?

मे महिन्यात भरलेली टोमॅटोची आंबटगोड चटणी श्रावणापर्यंत बुरसते, तर व्हिनेगरऐवजी कोकमाचे आगळ (कोकमाचा आंबट रस) घालून वर तेलाचा थर दिल्यास ती टिकेल का, असे आपण विचारले आहे. मालवणात मी दरवर्षी आगोटीच्या, म्हणजे पावसाळ्यापूर्वीच्या, बेगमीत ही चटणी भरते आणि माझे उत्तर ‘नाही’ असे आहे.

टोमॅटो जिभेला आंबट लागला तरी त्याचा पीएच (आंबटपणाचे माप, जितका कमी तितका आंबटपणा जास्त) पुष्कळदा ४.६च्या आसपास, कधी त्याहून वरही असतो, आणि कांदा-लसूण पडले की आंबटपणा आणखी उतरतो. हवाबंद बाटलीत बोट्युलिझम या जीवघेण्या अन्नविषबाधेचे विष तयार करणाऱ्या जंतूंचे बीजाणू उकळत्या पाण्यातही मरत नाहीत, पीएच ४.६च्या खाली असेल तरच त्यांची वाढ रोखली जाते. घरच्या आगळाचा आंबटपणा दर खेपेस वेगळा असल्याने त्यावर विसंबता येत नाही, आणि तेलाखाली हवा पोहोचत नाही, जे या जंतूंना मानवतेच. म्हणून फोडणी वाढतेवेळीच द्यावी.

दोन किलो पिकलेले, न डागाळलेले टोमॅटो गरम पाण्यातून काढून सोलावेत. त्यात अर्धा किलो कांदा, ४०० ग्रॅम साखर, चवीपुरते मीठ, मोहरी, मिरची आणि ५०० मिलिलिटर व्हिनेगर घालून स्टीलच्या पातेल्यात दाट होईपर्यंत शिजवावे. अॅल्युमिनियम किंवा बिनकल्हईचे पितळ वापरू नये. व्हिनेगर ५ टक्क्यांचेच हवे. बाजारात ४ टक्क्यांच्याही बाटल्या मिळतात, तेव्हा लेबल वाचूनच घ्यावे आणि चटणी फार आंबट वाटली तर व्हिनेगर कमी न करता साखर वाढवावी.

उकळती चटणी गरम काचेच्या बाटल्यांत, वर साधारण सव्वा सेंटिमीटर जागा सोडून भरावी, काठ पुसून नवे झाकण लावावे, आणि बाटल्या झाकणांवर बोटभर पाणी येईल अशा बुडवून पाणी खळखळू लागल्यापासून १५ मिनिटे उकळाव्यात. आपण समुद्रसपाटीला राहतो म्हणून एवढा वेळ पुरतो. उंच घाटमाथ्यावरच्या आंबोलीत हेच करायचे तर पाच मिनिटे वाढवावी लागतील. माझ्या मते आपल्या बाटल्या बुरसल्या त्या हीच पायरी राहिल्यामुळे, कारण नुसते गरम भरून झाकण लावल्याने बाटलीत उरलेल्या हवेतली बुरशी मरत नाही.

दुसऱ्या दिवशी झाकणाचा मध्यभाग दाबून पाहावा. तो खालीवर होत असेल तर ती बाटली फ्रिजमध्ये ठेवून आधी संपवावी. बुरशी आलेली चटणी मात्र वरचा थर काढूनही खाऊ नये, कारण बुरशी आम्ल खाते आणि खालच्या चटणीचा पीएच वाढवते.