आइसलँड आठ दिवसांत: रिंग रोडचा हट्ट सोडा

तुम्ही लिहिलंय की सप्टेंबरअखेर आठ दिवस आहेत, चौघं जाणार, त्यात सासू-सासरे पासष्टीच्या पुढचे, गाडी भाड्याने घेऊन अख्खा रिंग रोड करायचाय. आणि शेवटी विचारलंय की डोंगर-धबधबे सोडले तर तिथे संस्कृती म्हणून बघण्यासारखं काही आहे का. संस्कृती आहे, भरपूर आहे, पण रिंग रोड केलात तर ती बघायला वेळच उरणार नाही, म्हणून आधी रस्त्याचं बोलू.

रिंग रोड म्हणजे अख्ख्या देशाला वळसा घालणारा रस्ता, साधारण १,३३० किमी. आपल्याला वाटतं आठ दिवसांत त्यात काय एवढं, आपण एका दमात पुणे-बंगळूर करतो. पण तिथे वेगमर्यादा डांबरी रस्त्यावर ९०, खडीच्या रस्त्यावर ८०, मधेमधे एकच गाडी जाईल असे पूल, आणि वारा सुटला की रस्ता चक्क बंद करतात, मग तुमचं पुढच्या गावातलं बुकिंग गेलं. सप्टेंबरअखेर पूर्वेला आणि उत्तरेला घाटात बर्फही पडू शकतो. पूर्ण चक्कर मारलीत तर ज्येष्ठ मंडळी मागच्या सीटवर बसून काचेतूनच देश बघतील.

त्यापेक्षा राजधानी रेक्याविकला पहिले नि शेवटचे दिवस ठेवा, मधे गोल्डन सर्कल ही जवळची फेरी (थिंगवेट्लिर, गेसिरचे गरम पाण्याचे फवारे, गुलफॉस धबधबा) आणि मग दक्षिण किनाऱ्याने सेल्यालान्ड्सफॉस, स्कोगाफॉस हे धबधबे आणि वीक गाव करत योकुलसारलोन या हिमनदीच्या तळ्यापर्यंत जा आणि त्याच रस्त्याने परत या. रेक्याविक ते योकुलसारलोन एका बाजूने पावणेचारशे किमी आहे, म्हणजे निवांत होतं. एक दिवस पूर्ण मोकळा सोडा, तो हवामान खाणारच, नाहीच खाल्ला तर स्नायफेल्सनेस द्वीपकल्पाला जाऊन या. त्याच रस्त्याने परत यायचं म्हणून नाक मुरडू नका, तिथे सकाळचा आणि संध्याकाळचा उजेड इतका वेगळा असतो की परतीचा रस्ता ओळखू येत नाही.

गाडीबद्दल दोन-तीन गोष्टी नीट वाचा. दार उघडताना एका हाताने घट्ट धरा, वाऱ्याने दार उलटं फिरून बिजागऱ्या वाकतात आणि हे नुकसान बऱ्याचदा इन्शुरन्समध्ये बसत नाही. खडी आणि वाळू-राखेचं कव्हर वेगळं असतं, ते विचारून घ्या. एफ अक्षराने सुरू होणारे रस्ते फोर बाय फोरशिवाय नाहीत, आणि तुम्ही जाल तेव्हा त्यातले बरेच बंद व्हायला लागलेले असतात, तो विषयच काढू नका. रस्ता सोडून गाडी खाली उतरवणं बेकायदा आहे, मोठा दंड आहे, कारण चाकाखाली चिरडलेलं शेवाळ परत यायला कित्येक वर्षं लागतात. रोज सकाळी तिथल्या हवामान खात्याची आणि रस्ते खात्याची साइट बघितल्याशिवाय हॉटेल सोडायचं नाही.

आता माझ्या आवडीचा भाग. वीकच्या पुढे गेलात की रस्त्याच्या दोन्ही बाजूंना मऊ हिरव्या शेवाळाने झाकलेला ओबडधोबड लाव्हा लागतो, मैलोनमैल. तो १७८३ साली लाकीच्या भेगेतून आला. एक डोंगर फुटला असं नाही, जमिनीलाच वीस-पंचवीस किमी लांब भेग पडली आणि आठ महिने लाव्हा ओतत राहिला. विषारी वायूने गवत नासलं, मेंढ्या मेल्या आणि मग जो दुष्काळ पडला त्यात देशातली जवळपास पाचव्या हिश्श्याची माणसं गेली. आपल्याकडच्या लोकांनी तर हे मुद्दाम बघावं, कारण आपला सह्याद्री म्हणजे असाच भेगांमधून थरावर थर आलेला लाव्हा, फक्त तो साडेसहा कोटी वर्षांपूर्वीचा आणि कितीतरी पटीने जास्त. स्काफ्टाफेलजवळ स्वार्टिफॉस धबधब्याला काळ्या खडकाचे षटकोनी खांब लटकलेले दिसतात, तसेच खांब अंधेरीच्या गिल्बर्ट हिलला आहेत, पण तिथे कोण जातं बघायला!

वीकजवळच्या रेनिसफ्यारा किनाऱ्याच्या काळ्या वाळूवर मात्र समुद्राकडे पाठ करून फोटो काढू नका. शांत दिसणाऱ्या पाण्यातून अचानक एक लाट खूप वर येते आणि ओढून नेते, तिथे पर्यटक मेलेले आहेत. धोक्याचा लाल दिवा असेल तर खाली उतरायचं नाही, सासऱ्यांनी कितीही आग्रह केला तरी.

संस्कृतीचं म्हणाल तर थिंगवेट्लिर फक्त दोन भूपट्टांमधली भेग म्हणून बघून येऊ नका. तिथे ९३० साली उघड्यावर आल्थिंग ही संसद भरायला लागली. कायदे लिहिलेलेच नव्हते, म्हणून एक माणूस निवडायचे आणि तो दरवर्षी एक तृतीयांश कायदे पाठ म्हणून दाखवायचा, तीन वर्षांत सगळे. साल १००० च्या सुमाराला अख्ख्या देशाने ख्रिस्ती व्हायचं तेही तिथेच ठरलं, आणि जुन्या देवांना घरात गुपचूप पुजायची सुरुवातीला मुभाही ठेवली. मला विचाराल तर हा तडजोडीचा भाग त्या भेगेपेक्षा भारी आहे.

आणि आजची माणसं बघायची असतील तर गावच्या पोहायच्या तलावावर जा. ब्लू लगून हा प्रसिद्ध गरम पाण्याचा तलाव शेजारच्या भूऔष्णिक वीजकेंद्राच्या पाण्यावर चालतो, सुंदर आहे, पण महाग, आधी बुकिंग करावं लागतं आणि आसपास सगळे आपल्यासारखेच पाहुणे. गावचा तलाव त्याच्या कितीतरी कमी पैशांत होतो, बाहेर थंडी, आत गरम पाण्याच्या कुंडात आजोबा, कॉलेजची पोरं, कोणी नोकरदार, सगळे गळ्यापर्यंत बुडून गप्पा मारत बसलेले. एक अट आहे, आत शिरायच्या आधी सगळे कपडे काढून साबणाने अंघोळ, बायका-पुरुष वेगळे पण सगळ्यांसमोर. सासूबाईंना आधीच सांगून ठेवा, काही ठिकाणी आडोसा असलेला शॉवर असतो, विचारलं तर दाखवतात.

ज्वालामुखी "लाइव्ह" बघायला मिळेल का असंही विचारलंय. ग्रिंडाविक हे पावणेचार हजार वस्तीचं मासेमारीचं गाव नोव्हेंबर २०२३ मध्ये रातोरात रिकामं केलं आणि पुढे लाव्हाने काही घरंही गिळली. उद्रेक चालू असेल तर प्रशासन सांगेल तेवढंच आणि तिथूनच बघा, ड्रोन उडवायची घाई नको.

खाण्याचं, तुम्ही शाकाहारी म्हणालात तर हॉटेलात फार लाड होणार नाहीत, मात्र सुपरमार्केट उत्तम. स्कीर नावाचा पदार्थ आपल्या चक्क्यासारखा, साखर-वेलची घातली की श्रीखंडाची तहान भागते. टोमॅटो-काकड्या जमिनीखालच्या उष्णतेवरच्या हरितगृहांत पिकतात, चवीला छान. किचन असलेली खोली घ्या आणि मेतकूट, भाजणी, गोडा मसाला न्या, मांस-दुधाच्या पदार्थांचे कस्टमचे नियम मात्र आधी वाचा. थंड पाणी थेट नळाचं प्या, बाटल्या विकत घेऊ नका. गरम पाण्याला गंधकाचा वास येतो, तो खराब नाही, फक्त चांदीची अंगठी-पैंजण काढून अंघोळ करा, काळी पडतात.

नॉर्दर्न लाइट्सना सप्टेंबरअखेर चांगला काळ, रात्री पुरेशा अंधाऱ्या असतात. अ‍ॅपवरच्या आकड्यापेक्षा ढगांचा नकाशा बघा, ढग असतील तर आकडा कितीही मोठा असो काही उपयोग नाही. पफिन पक्षी मात्र ऑगस्टमध्येच उडून जातात, त्यांची आशा सोडा.

व्हिसा शेंगेनच लागतो, सहा महिने आधीपासून अर्ज करता येतो, आणि आरटीओतून इंटरनॅशनल परमिट काढून घ्या. वीक आणि योकुलसारलोनच्या आसपास खोल्या मोजक्या आहेत, त्या विमानाच्या तिकिटाबरोबरच बुक करा. सासऱ्यांचे गुडघे कसे आहेत ते कळवा, स्कोगाफॉसच्या माथ्यावर जायला पाचशेहून जास्त पायऱ्या आहेत, नसेल जमत तर खालूनही तो पुरेसा भिजवतो.