अमेरिकन मानसशास्त्रज्ञ डोनाल्ड कॅम्पबेल यांचं नाव संशोधनपद्धतीच्या अभ्यासात सारखं येतं. त्यांनी नेमकं केलं काय?

व्याख्या पाठ करून कॅम्पबेल समजत नाहीत, निदान मला तरी तसे समजले नाहीत. ते कळले एका प्रकरणातून, म्हणून तेच आधी सांगते.

१९५५ साली अमेरिकेतल्या कनेटिकट राज्यात रस्ते अपघातांत ३२४ माणसं दगावली. गव्हर्नर अब्राहम रिबिकॉफ यांनी भरधाव गाडी चालवणाऱ्यांचे परवाने निलंबित करण्याची मोहीम उघडली. १९५६ मध्ये आकडा आला २८४. चाळीस जीव वाचले, मोहीम यशस्वी झाली, असं त्यांनी जाहीर केलं. कोणालाही पटेल असाच हा हिशोब आहे.

कॅम्पबेल आणि लॉरेन्स रॉस यांनी १९६८ मध्ये तो पुन्हा तपासला. मोहीम नसती तरी आकडा उतरला असता का? त्या वर्षी हवामान बरं होतं का? आणि सगळ्यात मोठी शंका: मोहीम सुरू झाली तीच मुळी आकडा फार चढला म्हणून. असा चढलेला आकडा पुढच्या वर्षी बहुधा आपोआपच खाली येतो. म्हणून त्यांनी आधीची-नंतरची बरीच वर्षं आणि शेजारच्या राज्यांचे आकडे समोर मांडले. मृत्यू घटत गेलेले दिसले, पण श्रेय मोहिमेचंच असं ठामपणे म्हणता येईना. शिवाय भलतंच काही हाती लागलं. न्यायालयं जास्त जणांना निर्दोष सोडू लागली होती आणि परवाना निलंबित असतानाही गाडी चालवणारे वाढले होते. शिक्षा कडक झाली, तशी यंत्रणा आणि माणसं दोन्ही तिच्यातून वाट काढू लागली.

‘हे दुसऱ्या कशामुळे घडलं असेल?’ या प्रश्नाची शिस्त कॅम्पबेल यांनी आधीच, १९५७ च्या लेखात आणि पुढे १९६३ मध्ये ज्युलियन स्टॅनली यांच्यासोबत घालून दिली. बदल खरंच आपल्या उपायामुळे झाला का, ही अंतर्गत वैधता. तो दुसऱ्या लोकांत, दुसऱ्या ठिकाणीही होईल का, ही बाह्य वैधता.

मोजमापाबद्दलही त्यांचा प्रश्न हाच होता. १९५९ मध्ये डोनाल्ड फिस्के यांच्याबरोबर त्यांनी सुचवलं, की एकाहून जास्त गुणधर्म एकाहून जास्त पद्धतींनी मोजा. एकच गुणधर्म वेगवेगळ्या पद्धतींनी मोजला तर उत्तरं जुळायला हवीत. वेगवेगळे गुणधर्म केवळ एकाच पद्धतीने मोजल्यामुळे जुळत असतील, तर आपण माणूस मोजत नसून पद्धत मोजतो आहोत. माझ्या पहिल्या अभ्यासात ताण आणि एकटेपणा यांचा फार घट्ट संबंध दिसला होता आणि मी हरखून गेले होते. दोन्ही गोष्टी एकाच प्रश्नावलीत, एकाच पाच पर्यायांच्या मापनश्रेणीवर विचारल्या होत्या. मार्गदर्शकांनी हा लेख वाचायला दिला तेव्हा लक्षात आलं, की त्या संबंधातला किती भाग माणसांचा आणि किती प्रश्नावलीचा, हे मला सांगताच येणार नव्हतं.

म्हणूनच कॅम्पबेल यांना लोकांना प्रश्न न विचारता मोजण्यात रस होता. सहकाऱ्यांसोबतच्या १९६६ च्या पुस्तकात शिकागोच्या विज्ञान संग्रहालयाचं उदाहरण आहे. अंड्यातून पिल्लं बाहेर येताना दाखवणाऱ्या दालनाजवळच्या फरशा दर सहा आठवड्यांनी बदलाव्या लागत, इतर ठिकाणच्या वर्षानुवर्षं टिकत. लोक कुठे रेंगाळतात, हे झिजलेली फरशी सांगते आणि तिला कोणाची मर्जी राखायची नसते.

१९६० मध्ये थिसलथवेट यांच्याबरोबर त्यांनी मांडलेली युक्तीही आज खूप वापरली जाते: एखादा लाभ ठराविक गुणांच्या वर असलेल्यांनाच मिळत असेल, तर त्या रेषेच्या जेमतेम वर आणि जेमतेम खाली असलेल्यांची तुलना करायची. ही माणसं एरवी जवळपास सारखीच असतात, म्हणून पुढे दिसणारा फरक त्या लाभाचा मानता येतो.

‘कॅम्पबेलचा नियम’ तुम्ही ऐकला असेल. एखाद्या आकड्यावर जितके जास्त निर्णय अवलंबून, तितका तो बिघडवण्याचा दबाव वाढतो आणि जे मोजायचं तेही बिघडतं. त्यांनी चाचण्यांचंच उदाहरण दिलं होतं. शाळेचं मोल गुणांवर ठरू लागलं की शिकवणं चाचणीपुरतं उरतं, आणि मग गुण वाढले तरी मुलांना काय येतं ते त्यांवरून कळेनासं होतं.