बदली खेळाडूस पत्र

चिरंजीवास अनेक उत्तम आशीर्वाद.

तुझे पत्र आणि सोबतचे दोन्ही करार पोहोचले. एक करार अमेरिकेतल्या एनबीए या सर्वोच्च बास्केटबॉल लीगमधल्या एका संघाच्या सराव शिबिरातून जी लीगकडे, म्हणजे एनबीएच्याच विकास लीगकडे, नेणारा आहे, तर दुसरा जर्मनीतल्या दुसऱ्या श्रेणीच्या एका क्लबचा आहे. ड्राफ्टमध्ये, म्हणजे एनबीएच्या संघांनी नवे खेळाडू निवडण्याच्या वार्षिक फेरीत, तुझे नाव पुकारले गेले नाही हे दुःख तू एका ओळीत उरकलेस, ते मला आवडले. पुढची चार पाने मात्र ‘दोन वर्षांत एनबीएत कसे पोहोचायचे’ या एकाच प्रश्नाभोवती फिरतात, आणि मला वाटते तिथे तुझी गफलत होते आहे. तू ज्या व्यवसायात पाऊल टाकतो आहेस त्यात कोणत्या संघाला कधी कोणाची उणीव भासेल हे तुझ्या हातात नाही. ती उणीव भासेल त्या दिवशी ती भरून काढता येणे एवढेच तुझ्या हातात आहे. मी खेळाडू नव्हतो. आयुष्याची बावीस वर्षे मी खेळाडूंचे घोटे बांधण्यात आणि गुडघे शेकण्यात घालवली, आधी अमेरिकेतल्या छोट्या लीगमध्ये आणि नंतर जर्मनीत. परंतु मालिशच्या टेबलावर पडलेला माणूस प्रशिक्षकाला सांगत नाही ते सारे फिजिओला सांगतो, आणि त्या शिदोरीवरच हे पत्र लिहितो आहे.

गावोगावी, संघोसंघी फिरणाऱ्या अशा खेळाडूला इंग्रजीत ‘जर्नीमन’ म्हणतात. मला त्यासाठी आपला ‘बदली’ हा गिरणगावातला शब्द जवळचा वाटतो. माझे वडील लालबागच्या एका गिरणीत कितीतरी वर्षे बदली कामगार होते. पाळी सुरू होण्याआधी ते दारावर जाऊन उभे राहत. कायम कामगारांपैकी कोणी आजारी असेल किंवा गावी गेला असेल तर त्याच्या जागी काम मिळे, नाहीतर डबा तसाच घेऊन ते घरी परतत. आज कोणता साचा वाट्याला येईल हे बदलीला ठाऊक नसते, म्हणून त्याला सगळे साचे चालवता आले पाहिजेत, असे ते म्हणत. सरकारी नोकरीतली ‘बदली’ हा त्याच शब्दाचा दुसरा अर्थ, आणि तोही तुला लागू पडेल, कारण एनबीएतले संघ आपसांत खेळाडूंची देवाणघेवाण करतात तेव्हा बहुतेक खेळाडूंना त्यांची संमती कोणी विचारत नाही. दुपारी सरावाला निघालेला माणूस रात्री दुसऱ्या शहराच्या विमानात बसलेला असतो.

आता दारावरची गर्दी किती आहे ते पाहा. एनबीएत ३० संघ आहेत. प्रत्येकाकडे १५ नियमित जागा असतात आणि २०२३-२४ च्या हंगामापासून तीन ‘टू-वे’ जागा, म्हणजे जी लीगमध्ये खेळत राहून वरच्या संघाच्या जास्तीत जास्त ५० सामन्यांसाठी उपलब्ध राहण्याच्या. ५ जानेवारीपासून दहा दिवसांचे करार देता येतात. एका संघाला एका हंगामात एकाच खेळाडूला असे दोनच करार देता येतात. त्यानंतर एकतर उरलेल्या हंगामासाठी ठेवून घ्यायचे किंवा सोडून द्यायचे. १० जानेवारीला हमी नसलेले करार पूर्ण हमीचे होतात, आणि म्हणूनच त्याच्या तीन-चार दिवस आधी बऱ्याच जणांचे सामान बांधले जाते. हंगामाच्या मध्यावर काही जागा उघडतात आणि काही मिटतात त्या या तारखांमुळे. कोणाच्या गुणवत्तेचा तो रोज नव्याने होणारा निवाडा नसतो, आणि हे आधीच ठाऊक असले की माणूस स्वतःला निष्कारण कोसत बसत नाही.

ईश स्मिथचे नाव तू ऐकले असशील. २०१० च्या ड्राफ्टमध्ये त्यालाही कोणी निवडले नाही. पुढे तो एनबीएच्या १३ वेगवेगळ्या संघांकडून खेळला, आणि हा या लीगमधला विक्रम आहे. त्याआधी टोनी मॅसेनबर्ग, चकी ब्राऊन, जिम जॅक्सन आणि जो स्मिथ हे चौघे १२ संघांवर थांबले होते. तेरावा संघ डेन्व्हरचा, आणि २०२३ मध्ये तो संघ विजेता ठरला तेव्हा स्मिथलाही विजेत्यांना दिली जाणारी अंगठी मिळाली. सहा फूट उंचीचा हा माणूस लांबून फार अचूक नेम साधणारा कधीच नव्हता. मुख्य गार्ड, म्हणजे चेंडू पुढे नेऊन चाल रचणारा खेळाडू, विश्रांतीसाठी बाहेर आला की पुढची काही मिनिटे चेंडू वेगाने पुढे न्यायचा, तो हातचा घालवायचा नाही आणि खेळाची गती पडू द्यायची नाही, हे एक काम त्याला पक्के येत होते आणि ते त्याने तेरा ठिकाणी केले.

पण तुझ्यासाठी खरा अभ्यासाचा विषय पी. जे. टकर आहे, कारण त्याची आणि तुझी उंची सारखीच आहे आणि तुझ्यासारखाच तोही कॉलेजात आत घुसून गुण करणारा होता. टेक्सास विद्यापीठाकडून खेळताना २००६ मध्ये तो त्याच्या परिषदेतला, म्हणजे कॉलेज संघांच्या गटातला, सर्वोत्तम खेळाडू ठरला, एनबीएच्या टोरांटो संघाने ड्राफ्टमध्ये त्याला ३५ व्या क्रमांकावर घेतले, आणि १७ सामन्यांनंतर सोडून दिले. सहा फूट पाच इंचांच्या माणसाला बास्केटखाली उभे राहून सात फुटी लोकांशी झुंजण्याचे काम एनबीएत कोण देणार? पुढची पाच वर्षे तो इस्रायल, युक्रेन, ग्रीस, इटली आणि जर्मनी असा फिरला. २००८ मध्ये होलोनसारख्या लहान क्लबला त्याने इस्रायलचे विजेतेपद मिळवून दिले, २०१२ मध्ये बाम्बर्गकडून जर्मनीची स्पर्धा जिंकली आणि अंतिम मालिकेत सर्वोत्तम ठरला. त्याच वर्षी फिनिक्सने त्याला परत बोलावले ते मात्र त्याच्या गुणांच्या आकड्यांसाठी नव्हे. प्रतिस्पर्ध्याच्या सर्वांत अवघड खेळाडूला रात्रभर चिकटून राहणारा आणि आक्रमणात कोपऱ्यात उभा राहून तीन गुणांचा नेम साधणारा माणूस त्यांना हवा होता, आणि टकर तो झाला होता. कोपऱ्यातून तीन गुणांची रेषा एनबीएत २२ फुटांवर असते, वरच्या बाजूला ती पावणेचोवीस फुटांवर जाते. त्या पावणेदोन फुटांच्या सवलतीवर त्याने दुसरे आयुष्य उभे केले असे म्हटले तरी चालेल. २०२१ मध्ये मिलवॉकीच्या विजेत्या संघात तो होता.

म्हणून या उन्हाळ्यात चेंडू हातात घेऊन एकट्याने केलेल्या करामतींच्या चित्रफिती बनवणे थांबव. त्या पाहून तुझे मित्र खूश होतात. संघाचा व्यवस्थापक मात्र त्यात तू चेंडूविना काय करतोस ते शोधतो आणि त्याला काहीच सापडत नाही.

दोन करारांबद्दल माझे मत विचारलेस, तर मी जर्मनीच्या बाजूचा आहे. जी लीगमध्ये तू नजरेसमोर राहशील हे खरे. शिबिरातून सोडल्यावर त्याच एनबीए संघाशी जोडलेल्या जी लीग संघात ६० दिवस राहिलास तर ठरलेला बोनसही मिळेल. पण २०२४-२५ मध्ये तिथले वर्षाचे मूळ वेतन सुमारे ४३ हजार डॉलर होते, आणि त्याहून महत्त्वाचे म्हणजे तिथला प्रत्येक जण स्वतःला वर पाठवण्यासाठीच खेळत असतो. तुला सध्या मिनिटे हवी आहेत आणि हरल्यावर रागावणारे प्रेक्षक हवे आहेत. जर्मनीत ते मिळतील. फक्त तिथला खेळ निराळा आहे हे लक्षात घे. सामना ४८ नव्हे तर ४० मिनिटांचा असतो आणि सहाऐवजी पाच फाउलवर तू बाहेर जातोस. बचाव करणाऱ्याला बास्केटसमोर तीन सेकंदांहून अधिक उभे राहण्याची मनाई नसल्यामुळे तू आत घुसशील तिथे एक धिप्पाड माणूस आधीच वाट पाहत असेल. रिंगला लागून वर उसळलेला चेंडू तिथे टोलवता येतो, अमेरिकेतल्या सवयीने तू पाहत उभा राहशील. पहिल्या महिन्यात या गोष्टींनी भलेभले गोंधळतात.

नव्या संघाच्या चाली एका दिवसात पाठ होतात का, असेही तू विचारले आहेस. होतात, कारण त्या फारशा नव्या नसतातच. जगातले बहुतेक संघ थोड्याफार फरकाने त्याच दहा-बारा चाली खेळतात. दर ठिकाणी त्यांचे नाव तेवढे बदलते. माझ्या ओळखीचा एक गार्ड पाठच्या खिशात छोटी वही ठेवी. तिच्यात एका रकान्यात चालीची आकृती आणि शेजारी प्रत्येक क्लबातले तिचे नाव, अशी सात-आठ नावे एका ओळीत असत. संध्याकाळी शहरात पोहोचून दुसऱ्या दिवशी तो दहा मिनिटे खेळला आणि एकदाही चुकीच्या जागी उभा राहिला नाही. तशी वही आजच घाल.

आता कराराविषयी, जिथे तू सर्वांत कमी लक्ष दिले आहेस. जर्मन कराराच्या तिसऱ्या पानावर वैद्यकीय तपासणीचे कलम आहे. तू पोहोचल्यानंतर किती दिवसांत ती तपासणी होईल हे त्यात लिहिलेले नाही, म्हणजे डिसेंबरमध्ये तू वाईट खेळू लागलास की अचानक तुझा गुडघा तपासावासा वाटण्याची सोय क्लबने ठेवली आहे. तिथे ‘आगमनानंतर तीन दिवसांच्या आत’ असे लिहून घे, आणि त्यानंतर दुखापत झाल्यास वेतन चालू राहील हेही. रक्कम कर वजा जाता आहे की करासहित, ते स्पष्ट नाही. युरोपात निव्वळ रकमेचा करार रूढ आहे, तसाच माग. घर, गाडी, परतीचे तिकीट यांचा उल्लेख आहे, पण गाडीचा विमा कोणाच्या नावावर हे विचार. आणि सर्वांत महत्त्वाचे म्हणजे, वाद झाल्यास तो फिबा या आंतरराष्ट्रीय बास्केटबॉल महासंघाच्या लवादापुढे नेण्याचे कलम या करारात नाही. हा लवाद २००७ मध्ये सुरू झाला. त्याचे अधिकृत स्थान जिनिव्हा, कामकाज इंग्रजीत, आणि निवाडा कोणत्या देशाच्या कायद्याच्या कलमांवर नव्हे तर न्याय्य काय या कसोटीवर दिला जातो. निवाडा न पाळणाऱ्या क्लबवर नवे खेळाडू नोंदवण्याची बंदी येऊ शकते, आणि क्लब घाबरतो तो या बंदीला. पण करारात लवादाचे नाव नसेल तर त्याचे दार तुझ्यासाठी बंद, मग परक्या भाषेत, परक्या गावच्या कोर्टात वकील शोधत फिरावे लागते.

हे मी पुस्तकी सांगत नाही. एका क्लबात मला आणि संघाला सलग तीन महिने पगार मिळाला नाही. नाव सांगत नाही, तिथली माणसे अजून आहेत. दर शुक्रवारी व्यवस्थापक हसतमुखाने पुढच्या शुक्रवारचा वायदा करी. करारात लवादाचे कलम असलेल्या दोन खेळाडूंचे पैसे उशिरा का होईना आले. उरलेल्यांपैकी एकाने घरमालकाला स्वतःचा दूरदर्शन संच देऊन भाडे फेडले. मला आजतागायत दमडी मिळालेली नाही.

परदेशी खेळाडूची तिथली स्थिती आणखी एका कारणाने नाजूक असते. जर्मनीच्या पहिल्या श्रेणीत बारांच्या संघात सहा जर्मन खेळाडू असावेच लागतात, त्यामुळे परदेशी जागा मोजक्या, आणि त्या जागेवरच्या माणसाने सामना जिंकून द्यावा अशी अपेक्षा असते. स्थानिक मुलगा मुरगळलेल्या घोट्याने तीन आठवडे बसला तर त्याला फळे पाठवतात, तू बसलास तर तुझ्या एजंटला फोन जातो. या भीतीने खेळाडू दुखणे लपवतात. मी असे घोटे पाहिले आहेत, दुसऱ्याच दिवशी घट्ट पट्टी बांधून मैदानात उतरवलेले आणि मग कायमचे ढिले झालेले. दहा दिवस थांबलास तर कदाचित नोकरी जाईल. नाही थांबलास तर पुढच्या तीन नोकऱ्या जातील. फिजिओशी खोटे बोलू नकोस, आणि क्लबचा फिजिओ अखेर क्लबचा पगारी माणूस आहे हेही विसरू नकोस. घोट्याच्या समतोलाचे व्यायाम मी वेगळ्या कागदावर लिहून पाठवतो आहे. ते कंटाळवाणे आहेत.

तुझ्या आईबाबांची काळजी तू हसण्यावारी नेलीस, ती मला पटली नाही. पदवी हाती असताना मुलगा कुठल्याशा गावात चेंडू खेळायला निघाला, याचा अर्थ त्यांना कोणीतरी नीट सांगितला पाहिजे. त्यांना आंद्रे इंग्रॅमची गोष्ट सांग. भौतिकशास्त्राचा पदवीधर, एनबीएच्या विकास लीगमध्ये दहा हंगाम खेळत राहिला आणि फावल्या वेळात गणिताच्या शिकवण्या घेत राहिला. एप्रिल २०१८ मध्ये, वयाच्या ३२ व्या वर्षी, लेकर्स या एनबीए संघाने हंगामाच्या शेवटच्या दोन सामन्यांसाठी त्याला बोलावले, आणि पहिल्याच रात्री त्याने १९ गुण केले. मात्र त्यांना हेही सांग की ती रात्र आली नसती तरी त्याच्या शिकवण्या चालूच राहिल्या असत्या. एनबीएत तीन हंगामांची सेवा झाली की निवृत्तिवेतनाचा हक्क मिळतो. तुझ्यासारख्यांपैकी बहुतेकांची ती तीन वर्षे कधीच पुरी होत नाहीत, तेव्हा पहिल्या पगारापासून बाजूला काढायची रक्कम बाबांच्या सल्ल्याने ठरव. हिशेब त्यांना तुझ्यापेक्षा चांगला कळतो आणि त्या निमित्ताने ते या कामात तुझ्यासोबत येतील.

करार सही करून पाठवण्याआधी सुधारलेले तिसरे पान मला दाखव. पावलाचे माप चौदा असलेल्या माणसाने बुटांचे निदान चार जोड बरोबर न्यावेत; त्या गावात ते मिळणार नाहीत, आणि क्लबचा माणूस ‘पुढच्या आठवड्यात मागवतो’ म्हणेल. ऑक्टोबरपासून तिथे लवकर अंधार पडतो, तेव्हा घर सरावाच्या हॉलपासून चालत जाण्याच्या अंतरावर आहे ना, तेही विचारून घे.

तुझा,
काका